उंटांच्या वाटेवरून रुळांवर : ‘गॅन’ची वाटचाल

१८ जानेवारी १८७८ रोजी पोर्ट ऑगस्टा या बंदरात, दक्षिण ऑस्ट्रेलिया वसाहतीचे गव्हर्नर सर विल्यम जर्व्हॉइस यांच्या हस्ते एका लोहमार्गाची पहिली कुदळ मारली गेली. ऑस्ट्रेलिया खंडाच्या मध्यातून जाऊन उत्तर किनाऱ्याला भिडणारा मार्ग, असा त्यामागचा मोठा मनसुबा होता. प्रत्यक्षात दक्षिणेकडून निघालेली पहिली प्रवासी गाडी उत्तरेच्या डार्विन शहरात पोचली ती ३ फेब्रुवारी २००४ रोजी. मधल्या १२६ वर्षांत वसाहतींचे एक राष्ट्र झाले, दोन महायुद्धे होऊन गेली, वाफेची इंजिने गेली आणि मूळ मार्गाचे रूळही उखडले गेले. तरीही ‘गॅन’ या नावाने ओळखली जाणारी गाडी टिकली, वाढली आणि आज ॲडलेड ते डार्विन हे २,९७९ किलोमीटरचे अंतर सुमारे ५४ तासांत कापते. वाळवंटातून जाणाऱ्या लांब पल्ल्याच्या प्रवासांत तिचे नाव आदराने घेतले जाते, आणि तो मान तिने कष्टाने मिळवलेला आहे.

या वाटचालीचा आरंभ रुळांच्याही आधी शोधावा लागतो. जॉन मॅकडूअल स्टुअर्ट हा स्कॉटिश शोधप्रवासी दोन-तीन वेळा माघार घेतल्यावर अखेर जुलै १८६२ मध्ये खंड ओलांडून उत्तर समुद्रापाशी पोचला. त्याच्याच वाटेच्या आधाराने चार्ल्स टॉड यांच्या देखरेखीखाली १८७० ते १८७२ या काळात पोर्ट ऑगस्टा ते डार्विन अशी सुमारे ३,२०० किलोमीटरची तारयंत्राची लाइन उभी राहिली. ऑस्ट्रेलियाची बातमी लंडनला पोचायला तोवर जहाजाने महिने लागत; ती आता तासांत पोचू लागली. मध्य ऑस्ट्रेलियातील ॲलिस स्प्रिंग्ज या तारठाण्याला टॉड यांच्या पत्नीचे नाव मिळाले आणि शेजारच्या बहुतेक काळ कोरड्या असणाऱ्या नदीला टॉड यांचे.

मात्र स्टुअर्ट, टॉड आणि पुढे रेल्वेचे सर्वेक्षक ज्या वाटेने गेले, ती वाट त्यांची नव्हती. भूगर्भातील पाणी दाबाने वर येऊन जिथे नैसर्गिक झरे तयार झाले आहेत, त्या झऱ्यांची एक साखळी या वाळवंटाच्या कडेने जाते. अरबाना आणि शेजारच्या आदिवासी समाजांनी हजारो वर्षे या झऱ्यांच्या आधाराने ये-जा आणि देवाणघेवाण केली होती. पाण्याच्या या ठिकाणांचे ज्ञान त्यांचे होते. तारा आणि रूळ या दोन्हींनी ते वापरले. त्याची नोंद मात्र जुन्या अहवालांतून फार थोडी सापडते. म्हणून येथे ती सुरुवातीलाच घेणे योग्य.

दुसरे ऋण उंटवाल्यांचे. घोडे आणि बैल या प्रदेशात पाण्यावाचून तगत नसत. १८६६ मध्ये टॉमस एल्डर या व्यापाऱ्याने कराचीहून १०० हून अधिक उंट आणि त्यांच्यासोबत तीसएक उंटवाले पोर्ट ऑगस्टाला उतरवले आणि बेल्टाना येथे उंटांची पैदास सुरू केली. कराची त्या वेळी मुंबई इलाख्यात होती. बलुचिस्तान, सिंध, पंजाब, काश्मीर आणि अफगाणिस्तान अशा वेगवेगळ्या मुलखांतून आलेल्या या माणसांना ऑस्ट्रेलियात सरसकट ‘अफगाण’ म्हटले गेले. तारेच्या लाइनचे साहित्य, लांबच्या मेंढीपालन केंद्रांचा शिधा, परतीच्या वाटेवर लोकरीचे गठ्ठे, खाणींची यंत्रे, एवढेच काय, पियानोसुद्धा उंटाच्या पाठीवरून गेले. भल्या पहाटे उंट बसवायचे, दोन्ही बाजूंचा भार तोलून बांधायचा, प्रत्येक उंटाच्या नाकातल्या खुंटीची दोरी पुढच्या उंटाला अडकवायची आणि मग तांडा उठवायचा. एक दणकट नर पाच-सहा क्विंटल ओझे सहज उचलत असे. नाकातली दोरी मुद्दाम बारीक ठेवत. जनावर बिचकून मागे ओढले, तर दोरी तुटावी, नाक फाटू नये, एवढी काळजी त्यात होती.

पोर्ट ऑगस्टाहून निघालेले रूळ १८७९ च्या डिसेंबरात क्वॉर्नला पोचले. मार्ग साडेतीन फूट रुंदीचा, म्हणजे आपल्याकडच्या मीटर गेजपेक्षा किंचित रुंद होता. कमी खर्चात लांबवर जाता यावे हा त्यामागचा हिशोब. सुरुवातीचा उत्साह गव्हाच्या शेतीमुळे होता. शेतीला पुरेल इतका पाऊस कुठपर्यंत पडतो, याची रेषा जॉर्ज गॉयडर या सर्वेक्षण अधिकाऱ्याने १८६५ मध्येच आखून दिली होती. पण सत्तरच्या दशकातल्या चांगल्या पावसाळ्यांनी लोकांना धीर चढला आणि शेते त्या रेषेच्या पलीकडे गेली. पाठोपाठ रूळही. ऐंशीच्या दशकात दुष्काळ पडला, शेते ओस पडली, फरीनासारखी गव्हाच्या आशेवर वसलेली गावे खंगत गेली. रूळ तेवढे पुढे सरकत राहिले. १८८४ मध्ये मरी, १८८८ मध्ये कॉवर्ड स्प्रिंग्ज आणि १८९१ च्या जानेवारीत ऊडनडाटा.

वाफेच्या इंजिनाला पाणी हवे, म्हणून मार्ग झऱ्यांच्या कडेकडेने गेला. जिथे झरे पुरले नाहीत तिथे खोल विहिरी पाडल्या. पण हे पाणी खारे आणि क्षारांनी जड; बॉयलरच्या नळ्यांवर त्याचे पापुद्रे बसत. त्यासाठी पुढे काही ठाण्यांवर पाणी मऊ करण्याची उंच लोखंडी यंत्रे बसवावी लागली. आयर सरोवराच्या दक्षिण कडेवरच्या कर्डिमर्का थांब्यावर असे एक यंत्र अजून उभे आहे. नील्स नदीवरचा अल्गेबकिना पूल तर या पर्वाचा मानदंड म्हणावा लागेल. १९ गाळ्यांचा, अर्ध्या किलोमीटरहून लांब, एकाकी मुलखातला हा लोखंडी पूल आजही शाबूत आहे. गवंडी, लोहार, खडी फोडणारे, उन्हात तापलेले रूळ हाताळणारे मजूर यांतील बहुतेकांची नावे कुठेही कोरलेली नाहीत.

ऊडनडाटाला रूळ थांबले ते जवळजवळ चार दशके. वसाहतीकडे पैसा नव्हता. या काळात ऊडनडाटा आणि मरी ही उंटतांड्यांची मोठी ठाणी झाली. गाडी माल आणून टाकी आणि पुढचे शेकडो किलोमीटर तो उंट वाहून नेत. मरीला रुळांच्या एका बाजूला गोऱ्यांची वस्ती आणि दुसऱ्या बाजूला उंटवाले व आदिवासी कुटुंबे अशी गावाची सरळ वाटणी होती. उंटवाल्यांनी तिथे खजुराची झाडे लावली, मातीची साधी मशीद बांधली. १९०१ च्या स्थलांतर निर्बंध कायद्यानंतर त्यांची कोंडी वाढली. अनेकांना नागरिकत्व नाकारले गेले, घरच्यांना आणता येईना. ज्यांच्या श्रमांवर हा प्रदेश जगत होता त्यांना देश आपले म्हणायला तयार नव्हता. ही गोष्ट या इतिहासातून वगळता येत नाही.

१ जानेवारी १९११ रोजी नॉर्दर्न टेरिटरीचा कारभार दक्षिण ऑस्ट्रेलियाकडून केंद्र सरकारकडे गेला. या हस्तांतरात उत्तर-दक्षिण लोहमार्ग पुरा करण्याची जबाबदारी केंद्राने स्वीकारली होती. मुदत मात्र लिहिलेली नव्हती. १९२६ मध्ये या मार्गाचे संचालन कॉमनवेल्थ रेल्वेज या केंद्रीय संस्थेकडे आले, पुढल्या वर्षी ऊडनडाटाच्या पलीकडे कामाला सुरुवात झाली आणि सुमारे ४७० किलोमीटरचे रूळ दोन वर्षांत टाकले गेले. या कामासाठीही पाणी आणि सामान पुढे नेले ते उंटांनीच. रविवार, ४ ऑगस्ट १९२९ रोजी ॲडलेडहून निघालेली गाडी १०० हून अधिक उतारू, टपाल आणि ताजी फळे घेऊन ६ ऑगस्टला स्टुअर्ट या गावी पोचली. हेच गाव १९३३ पासून अधिकृतपणे ॲलिस स्प्रिंग्ज झाले. आज या रेल्वेचा वाढदिवस याच तारखेवरून मोजला जातो.

गाडीचे नाव उंटवाल्यांवरून पडले. १९२३ साली क्वॉर्नच्या फलाटावर एक अफगाण उतारू नमाज पढण्यासाठी उतरला, ते पाहून रेल्वे कामगारांनी गाडीला ‘अफगाण एक्स्प्रेस’ म्हणायला सुरुवात केली, असे सांगितले जाते. पुढे त्याचेच ‘गॅन’ झाले. तांडे मात्र मोडत गेले. रेल्वे आणि मोटारट्रक यांनी त्यांची रोजी घेतली. १९२५ मध्ये दक्षिण ऑस्ट्रेलियात मोकाट उंट मारण्याची मुभा देणारा कायदा झाला. जन्मभर सांभाळलेली जनावरे गोळी घालून मारणे अनेकांच्या जिवावर आले. त्यांनी ती रानात सोडून दिली. आज ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटात फिरणारे रानउंट त्यांचेच वंशज. गाडीच्या बोधचिन्हावर उंट आणि उंटस्वार विराजमान झाले, हा मान उशिराचा असला तरी योग्य जागी आहे.

१९२९ नंतरची ५० वर्षे ‘गॅन’ने ओढाताणीत काढली. ॲडलेडहून निघालेल्या उतारूला रुळांची रुंदी बदलत असल्याने वाटेत सामानासकट गाडी बदलावी लागे. खर्च वाचवण्यासाठी रूळ बऱ्याच ठिकाणी जवळपास जमिनीच्या पातळीवर टाकलेले होते, भराव बेताचा, मोऱ्या अपुऱ्या. वर्षानुवर्षे कोरड्या राहणाऱ्या नद्यांना क्वचित पाणी आले की ते लोंढ्याने येई आणि रुळांखालची खडी वाहून नेई. फिंक नदीने तर या मार्गाला सळो की पळो करून सोडले. लाकडी स्लीपर वाळवी पोखरत असे. उरलेल्यांवर वाळू चढे. इंजिनाच्या टेंडरमागे एक उघडी वाघीण कायम जोडलेली असायची. तिच्यावर सुटे स्लीपर, कुदळी, फावडी आणि हत्यारे. मार्ग तुटला की गाडी थांबे, चालक, फायरमन आणि गार्ड खाली उतरत, प्रसंगी उतारूही हात लावत, आणि तात्पुरते रूळ बसवून गाडी गोगलगाईच्या गतीने पलीकडे काढली जाई. एकदा पुरात गाडी दोन आठवडे एकाच जागी अडकली, तेव्हा चालकाने रानबकऱ्या मारून उतारूंना जेवू घातले, ही कथा ऑस्ट्रेलियात आजही सांगतात. वेळापत्रकाची लाज राखणे जमले नाही, तरी माणसे आणि माल पोचवण्याचे व्रत या लोकांनी सोडले नाही. मार्गालगतच्या पत्र्याच्या किंवा दगडी घरांत राहून रूळ राखणाऱ्या टोळ्यांचे श्रम त्यात सर्वांत मोठे. महायुद्धानंतर युरोपातून विस्थापित होऊन आलेली अनेक माणसेही या टोळ्यांत दाखल झाली.

युद्धकाळात तर या दुबळ्या मार्गावर साऱ्या उत्तरेचा भार आला. १९ फेब्रुवारी १९४२ रोजी जपानी विमानांनी डार्विनवर बॉम्बहल्ला केला. सैनिक, दारूगोळा, इंधन सारे ॲलिस स्प्रिंग्जपर्यंत रेल्वेने आणि तिथून पुढे ट्रकच्या ताफ्यांनी जाऊ लागले. क्वॉर्न स्थानकावर गावातल्या महिला संघटनेच्या बायका येणाऱ्या-जाणाऱ्या सैनिकांना रात्रंदिवस जेवण पुरवत होत्या. अमेरिकेचे जनरल डग्लस मॅकआर्थर फिलिपिन्सहून निघाल्यावर याच मार्गाने ॲलिस स्प्रिंग्जहून दक्षिणेकडे आले, आणि फिलिपिन्सला परत जाण्याचा आपला निर्धार त्यांनी २० मार्च १९४२ रोजी टेरोवी या गाडी बदलण्याच्या स्थानकावर बोलून दाखवला. तिथल्या फलाटावर त्याची नोंद करणारा फलक आहे.

१९५४ मध्ये डिझेल इंजिने आली आणि पाण्याची जुनी चिंता मिटली. १९५७ मध्ये प्रमाण रुंदीचा नवा मार्ग मरीपर्यंत पोचला. त्याचे खरे कारण ली क्रीकचा कोळसा होते. पण मरीच्या पुढे जुनेच रूळ, जुनेच पूर. सत्तरच्या दशकाच्या पूर्वार्धात विक्रमी पाऊस झाला, १९७४ मध्ये आयर सरोवर कधी नव्हे इतके भरले आणि जुन्या मार्गाला ठिगळे लावत बसण्यात अर्थ नाही हे सर्वांना पटले. १९७५ मध्ये टारकुला येथून ॲलिस स्प्रिंग्जकडे सुमारे ८३० किलोमीटरच्या सर्वस्वी नव्या मार्गाचे काम सुरू झाले. जुन्या मार्गापेक्षा तो बराच पश्चिमेला, पुराच्या वाटा टाळून नेला होता. स्लीपर काँक्रीटचे, म्हणजे वाळवीचा प्रश्नच उरला नाही. दशलक्षावा स्लीपर बसला त्या जागी कामगारांनी उभारलेला ‘आयर्न मॅन’ हा पुतळा आजही गाडीतून दिसतो. ९ ऑक्टोबर १९८० रोजी प्रिन्सेस अलेक्झांड्रा यांच्या हस्ते नव्या मार्गाचे उद्घाटन झाले, आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात जुन्या मार्गावरची अखेरची ‘गॅन’ धावली.

जुने रूळ उखडले गेले, तरी सगळे नाही. क्वॉर्नच्या परिसरातील मार्ग वाचवण्यासाठी १९७३ मध्येच पिची रिची रेल्वे संरक्षण संस्था स्थापन झाली होती. निवृत्त रेल्वे कर्मचारी, शिक्षक, कारागीर, तरुण असे स्वयंसेवक स्वतःच्या सुट्ट्या खर्चून इंजिने दुरुस्त करतात, रूळ बदलतात, तिकिटे फाडतात. पोर्ट ऑगस्टा ते क्वॉर्न हा डोंगरातला टप्पा त्यांनी पुन्हा चालता केला आणि तिथे जुन्या ‘गॅन’चे डबे ‘अफगाण एक्स्प्रेस’ याच नावाने धावतात.

उत्तरेचा १,४२० किलोमीटरचा तुकडा अजून बाकी होता. सरकारे आली, अहवाल झाले, निवडणुकांत आश्वासने दिली गेली. डार्विनकडून दक्षिणेकडे आलेला जुना मार्ग तर १९७६ मध्ये बंदच पडला. नोव्हेंबर १९९७ मध्ये ‘गॅन’चा कारभार खासगी ग्रेट सदर्न रेल्वेकडे गेला. अखेर केंद्र, दक्षिण ऑस्ट्रेलिया आणि नॉर्दर्न टेरिटरी या तिन्ही सरकारांनी खासगी भांडवलाच्या जोडीने हे काम हाती घेतले. मार्ग आदिवासींच्या जमिनीतून जाणार होता. सेंट्रल लँड कौन्सिल आणि नॉर्दर्न लँड कौन्सिल या त्यांच्या भूमी-परिषदांशी दीर्घ वाटाघाटी झाल्या, पवित्र स्थळे टाळून आखणी झाली. १८७८ मध्ये जे विचारण्याची गरज कुणाला वाटली नव्हती, ते या वेळी आधी विचारले गेले. या संपूर्ण वाटचालीतील हा बदल रुळांच्या लांबीइतकाच मोलाचा आहे.

जुलै २००१ मध्ये काम सुरू झाले. टेनंट क्रीक आणि कॅथरीन येथे काँक्रीट स्लीपरचे कारखाने उभे राहिले आणि सप्टेंबर २००३ मध्ये शेवटचा रूळ बसला. सुमारे १३० कोटी ऑस्ट्रेलियन डॉलर खर्च आला. १ फेब्रुवारी २००४ रोजी ॲडलेडहून निघालेली, एक किलोमीटरहून लांब गाडी तिसऱ्या दिवशी डार्विनला पोचली तेव्हा मार्गावर जागोजागी लोक तिला पाहायला उभे होते. १९११ चे वचन ९३ वर्षांनी पाळले गेले.

त्यानंतरचा काळ सुरळीत गेला असे नाही. डिसेंबर २००६ मध्ये डार्विनच्या दक्षिणेला एका फाटकावर ट्रकशी टक्कर होऊन गाडी घसरली. डिसेंबर २०११ मध्ये चक्रीवादळानंतरच्या पुराने ईडिथ नदीवरचा मार्ग मोडला, तिथे मालगाडी घसरली आणि प्रवासी सेवा काही काळ डार्विनपर्यंत जाऊ शकली नाही. २०१६ च्या मध्यात बैठकीच्या स्वस्त वर्गाचे डबे काढून टाकण्यात आले. पेन्शनीवर जगणाऱ्या वृद्धांना सवलतीत नेणारी गाडी त्यामुळे ऐपतदारांची झाली. ही उणीव भरून निघावी असेच या गाडीवर प्रेम करणाऱ्या कुणालाही वाटेल. पुढे चालक कंपनीने ‘जर्नी बियाँड’ हे नाव घेतले. २०२० च्या मार्चमध्ये कोविडमुळे गाडी थांबली आणि त्याच वर्षी पुन्हा सुरू झाली.

आजचा प्रवास मुक्कामापेक्षा वाटेला महत्त्व देणारा आहे. उत्तरेकडे जाताना तीन दिवस आणि दोन रात्री. दक्षिणेकडच्या लांबवलेल्या फेरीत चार दिवस आणि तीन रात्री. स्टेनलेस स्टीलच्या डब्यांतून पहिल्या दुपारी गव्हाची शेते दिसतात, दुसऱ्या पहाटे मार्ला येथे उतरून लाल मातीवरचा सूर्योदय पाहता येतो, मग मॅकडोनल डोंगररांगेतल्या खिंडीतून गाडी ॲलिस स्प्रिंग्जमध्ये शिरते. कॅथरीनला निटमिलक घळीतून होड्या जातात. ही भूमी १९८९ पासून जावोयन समाजाच्या मालकीची आहे आणि पाहुण्यांचे स्वागत तेच करतात. दक्षिणेकडच्या फेरीत मंगुरी या एकाकी थांब्यावर उतरून ओपल रत्नांचे गाव कूबर पीडी पाहता येते. उन्हाचा कहर चुकवण्यासाठी तिथली घरे आणि चर्चही जमिनीखाली कोरलेली आहेत. ॲलिस स्प्रिंग्जचे रात्रीचे जेवण टॉड यांच्या जुन्या तारठाण्याच्या आवारात, उघड्या आभाळाखाली होते. जानेवारी २०१८ मध्ये एसबीएस वाहिनीने या प्रवासाचा निवेदनाविना तीन तासांचा माहितीपट दाखवला; त्याचे इतके स्वागत झाले की पाठोपाठ १७ तासांची आवृत्तीही प्रसारित करावी लागली. या दोन्हींत उंटवाल्यांचा आणि आदिवासी समाजांचा इतिहास पडद्यावरील मजकुरातून ठळकपणे मांडला होता.

मरीमध्ये मातीच्या मशिदीची प्रतिकृती उभी आहे, खजुराची काही झाडे जगली आहेत, आणि उंटवाल्यांची पणतवंडे मध्य ऑस्ट्रेलियात ठिकठिकाणी आहेत. ४ ऑगस्ट २०२९ रोजी पहिल्या ‘गॅन’ला १०० वर्षे पूर्ण होतील.